स्वतःच्याच अक्षरातलं पाकीट

आमच्या चार गल्ल्यांत जितके लेखक राहून गेले तितके एका जागी दुसरीकडे कुठे सापडणार नाहीत, आणि त्यातले निम्मे माझ्या दुकानातून कागद नेत. कोण किती दस्ते नेतो यावरून कोणाची कादंबरी कुठवर आली ते मला कळायचं. पण ती पुढे कुठे जाते, छापून येते की परत येते, ते मला कळायचं नाही. ते फक्त एका माणसाला ठाऊक असायचं, आणि त्या माणसाच्या तोंडाला कुलूप.

तो म्हणजे आमचा पोस्टमन. समोर त्याला सगळे पोस्टमनकाका म्हणतात, पाठीमागे टपालराव. मी भावजी म्हणते. आमच्या ह्यांचा तो शाळेपासूनचा दोस्त, आणि दीर म्हटलं की चार टोमणे हक्काने मारता येतात. चौतीस वर्षं त्याने या गल्ल्यांत टपाल वाटलं. निवृत्त झाला आणि दोन महिने घरात बसून बायकोचं डोकं खाल्लं. शेवटी तीच वाचनालयात गेली आणि म्हणाली, "यांना काहीतरी चालायचं काम द्या." वाचनालयवाल्यांना तेव्हा रविवारी सकाळी लोकांना लेखकांची घरं दाखवत हिंडवायला माणूस हवाच होता. एका प्राध्यापकाला घेऊन बघितलं होतं, पण तो पहिल्याच घरापुढे पाऊण तास बोलला आणि लोक उन्हात बसले. टपालराव कुठल्याच दारात दोन मिनिटांच्या वर थांबत नाही. सवय.

दर रविवारी आठ वाजता वाचनालयाच्या पायऱ्यांपाशी पंधरा-वीस माणसं जमतात. पायात चालायचे बूट, हातात पाण्याची बाटली, आणि आता काहीतरी थोर बघायला मिळणार असा चेहरा. टपालराव येतो तो जुनी खाकी पिशवी खांद्याला अडकवून. पिशवी रिकामी, तरी डावा खांदा अजून चार बोटं खाली. आणि ज्या थोरांची घरं तो दाखवतो, त्यांच्यातल्या एकाचंही पुस्तक त्याने वाचलेलं नाही.

एकदा मी टोकलंच. म्हटलं, "भावजी, लाज नाही वाटत?"

"वहिनी," तो म्हणाला, "तीस वर्षं यांचं ओझं वाहिलं. आता परत उघडून बघू?"

दोन वर्षांपूर्वी दुकान सुनेच्या हातात दिलं आणि माझेही रविवार मोकळे झाले. म्हटलं, बघू तरी हा लोकांना काय सांगतो. तेव्हापासून मी दर रविवारी त्याच्या मागे असते. बघायची घरं तीच, पण माणसं नवी असतात आणि त्यांचे प्रश्न नवे. एकाने विचारलं होतं, कवी जेवायचे का.

पहिला थांबा सायकलदुरुस्तीच्या वरची खोली. तिथे एक कवी राहायचा. तिसऱ्या मजल्यावरून दोरीला बांधलेली टोपली खाली सोडायचा आणि ओरडून विचारायचा, "जाड की पातळ?"

इथे टपालराव थांबतो आणि मंडळींना धंद्यातली गोष्ट समजावतो. मासिकाकडे लेखन पाठवायचं तर सोबत परतीचं पाकीट जोडायचं. त्यावर तिकिटं लावायची आणि पत्ता लिहायचा तो आपलाच, आपल्याच हाताने. लेखन नापसंत झालं की संपादक ते त्या पाकिटात घालून परत पाठवणार.

"म्हणजे बघा," तो म्हणतो, "मला प्रत्येकाचं अक्षर पाठ. सकाळी टपाल लावताना पाकीट हातात आलं, जाड आहे आणि ज्याच्या नावावर आलंय त्याच्याच अक्षरात आहे, की समजायचं, याचं परत आलं. त्याच्या आधी मला कळायचं."

"मग तुम्ही काय करायचा?" कोणीतरी विचारतंच.

"काय करणार? दुपारच्या फेरीला न्यायचो. सकाळी घरात माणसं असतात. दुपारी माणूस एकटा सापडतो. नापास झालेलं पोर सगळ्यांसमोर निकाल मागत नाही."

मग दुसऱ्या थांब्यावर टीकाकार, ज्याला महिन्याला एक निनावी शिवीगाळ यायची आणि ते अक्षर समोरच्या बिऱ्हाडाचं असायचं. तिसऱ्यावर कादंबरीकार, ज्याला स्वतःच्या अक्षरात पातळ पाकिटं यायची, वाचकांची म्हणून. लोक खो खो हसतात. एखादी बाई विचारते, "काय लिहायचे हो ते स्वतःला?"

"आतलं मी कधी वाचलं नाही," टपालराव म्हणतो. "बाहेरचंच पुष्कळ असतं."

चौथा थांबा मासिकाची कचेरी. आता तिथे चष्म्याचं दुकान आहे, पण दारावर संपादकांची पितळी पाटी आहे, त्यांच्या चेहऱ्यासकट. कडक माणूस. एक ओळ जास्त खपवून घ्यायचा नाही. चिक्कूही तेवढाच.

असं करत सहाव्या थांब्यापर्यंत, म्हणजे छापखान्यापर्यंत, सगळं सरळ. तिथून सातवा थांबा, लेखक मंडळी बसायची ते चहाचं दुकान, समोर नाकापुढे आहे. पण टपालराव दर रविवारी मध्येच हात वर करतो, "मंडळी, पलीकडून," म्हणत सगळ्यांना रस्ता ओलांडायला लावतो आणि तीस पावलांनी परत अलीकडे आणतो. कारण विचारलं तर म्हणतो, तिकडची फरशी उखडली आहे.

फरशी उखडली होती हे खरं. दीड वर्षापूर्वी नगरपालिकेने ती बसवली. गुळगुळीत. मी मुद्दाम जाऊन तीन फेऱ्या मारून आले.

त्या तीस पावलांत दोनच दारं येतात. एक कुलूपबंद गोदाम. दुसरं सोळा नंबर.

सोळा नंबरच्या माडीवर ताई राहतात. अठ्ठ्याहत्तरीच्या, ताठ, छत्रीशिवाय बाहेर न पडणाऱ्या. पूर्वी मोठं कुटुंब होतं, आता एकट्याच. तरुणपणी त्या गोष्टी लिहायच्या, हे गल्लीत फारसं कोणाला ठाऊक नाही. मला ठाऊक होतं, कारण किराणा सामानाच्या यादीत लपवून त्या माझ्याकडून कागद मागवायच्या. मग एकदम थांबल्या. एक दस्ता परत पाठवला, तोही न उघडता. एकेचाळीस वर्षं झाली, तो दस्ता माझ्या डोक्यातून गेला नाही. कागद कोणी परत करत नाही हो. उरला तर हिशेब लिहायला होतो.

गेल्या फेब्रुवारीतल्या एका रविवारी मंडळी चहा पीत असताना मी भावजींना बाकावर कोपऱ्यात गाठलं.

"सोळा नंबरला काय आहे?"

"फरशी—"

"फरशीवर मी नाचून आले आहे. ताईंना का टाळता? प्रेमबीम होतं का?"

चहा त्याच्या शर्टावर सांडला. "वहिनी, या वयात काहीतरी बोलू नका."

"मग दुसरं बोला. आणि ऐकलंत का, ताई जाणार आहेत. मुलाकडे, कायमच्या. चार आठवड्यांनी सामान हलणार."

हे मी सहज म्हटलं. पण त्याचा चेहरा असा झाला की मी टोमणा गिळला. मग त्याने जे सांगितलं ते सांगते.

ताईंच्या गोष्टी सहा वेळा परत आल्या होत्या. त्यांचे थोरले दीर दारातच खुर्ची टाकून बसत आणि टपाल तेच घेत. त्यांनाही ते अक्षर ओळखता येऊ लागलं होतं. पाकीट उंच धरून घरभर ऐकू जाईल असं म्हणत, "लेखिकाबाई, तुमचं बाळ परत आलं." जावा हसत. ताई ते पदराखाली घेऊन आत जात. हे टपालरावाने सहा वेळा डोळ्यांनी बघितलं होतं.

सातवं पाकीट आलं तेव्हा घरात नणंदेचं लग्न. दारात पन्नास माणसं. पाकीट जाड, अक्षर ताईंचं. टपालराव उंबऱ्यापर्यंत गेला, खुर्चीतल्या दिरांकडे बघितलं आणि पाकीट पिशवीच्या आतल्या कप्प्यात सारलं. पाहुणे जाऊ देत, मग देऊ. दुपारच्या फेरीलाही पाहुणे होतेच. असे नऊ दिवस गेले. नवव्या दिवशी त्याच्या लक्षात आलं की पाकिटाच्या मागे आपल्या टपालघराचा तारखेचा शिक्का आहे. एवढा उशीर दिसला तर नोकरीवर येईल. त्याने अंगठा ओला करून शिक्क्यावर फिरवला. दहाव्या दिवशी पाकीट ताईंच्या हातात.

"मग?" मी म्हटलं. "परत आलं होतं ना? दहा दिवसांनी काय बिघडलं?"

"परत नव्हतं आलं," तो म्हणाला. "तेच तर."

संपादकांना गोष्ट आवडली होती. वार्षिक अंकात घेतो, पण शेवट दोन पानांनी कमी करून बारा तारखेच्या आत पाठवा, अशी चिठ्ठी. लाल पेन्सिलीने खुणा करून गोष्टही सोबत पाठवलेली. आणि तो चिक्कू माणूस, नवं पाकीट कशाला वाया घालवेल? ताईंचंच परतीचं वापरलं. पाकीट ताईंना मिळालं ते चौदा तारखेला.

"तुम्हाला हे कसं कळलं? आतलं तर तुम्ही वाचत नाही."

"दोन दिवसांनी त्यांनीच दारात सांगितलं. फार संतापल्या होत्या. म्हणाल्या, मुदत संपल्यावर कळवतो, हा माझी थट्टा करतो आहे. संपादकांना एक पत्र लिहिलं आणि माझ्या हातात दिलं." त्याने कप बाकावर ठेवला. "ते मात्र मी त्याच दिवशी पोचवलं."

कचेरी ताईंच्या घरापासून दहा मिनिटांवर, ताईंनी जाऊन विचारलं असतं तर, किंवा संपादकांनी येऊन सांगितलं असतं तर, असं माझ्या मनात आलं. पण दोघंही असे की एकमेकांच्या पायऱ्या चढण्यापेक्षा पाय मोडून घेतील. संपादक पुढे वारले. ताई अजूनही त्या चष्म्याच्या दुकानावरून जाताना तोंड फिरवतात. त्यांना डोळ्यांचा त्रास आहे असं मी इतकी वर्षं समजत होते.

"सांगून टाका," मी म्हटलं.

"चार वेळा जिन्यापर्यंत गेलो. पाय वर जात नाही. आयुष्यात कोणाचा उंबरा ओलांडला नाही मी, वहिनी. आणि त्या गेल्या की मग..." त्या गेल्या की सांगायला दारच उरणार नव्हतं.

आता मला जी खोड आहे ती आहे. संध्याकाळी मी वाचनालयाचं एक पत्रक सोळा नंबरच्या दाराखालून आत सरकवलं. *लेखकांच्या गल्ल्यांतून एक सकाळ.* बाकी काही केलं नाही.

पुढच्या रविवारी आठला पाच मिनिटं असताना छत्री घेऊन ताई हजर.

टपालराव पायरीवर चढत होता, तो तिथेच अडकला. ताई म्हणाल्या, "जायच्या आधी एकदा बघून घ्यावं म्हटलं, आपण राहिलो कुठे ते. तुम्हीच दाखवता का सगळं?"

"हो," टपालराव म्हणाला. "टपाल असल्यासारखं, एकेक दार."

"बरं. चला."

त्या दिवशी तो टोपलीवाल्या कवीचं नाव विसरला. परतीच्या पाकिटाचं सांगताना अर्ध्या वाक्यावर अडला, तेव्हा ताईच म्हणाल्या, "खरं आहे. आपलं अक्षर आपल्याला परत बघायला फार वाईट वाटतं." चौथ्या थांब्यावर त्या पाटीकडे पाठ करून उभ्या राहिल्या. मी मागून सगळं बघत होते आणि चहा प्यायला असता तर बरं झालं असतं असं वाटत होतं.

छापखाना झाला. मंडळी निघाली. टपालरावाचा हात सवयीने वर गेला. सगळे पलीकडे वळले. एकट्या ताई वळल्या नाहीत.

"तिकडून कशाला?" त्या म्हणाल्या. "माझं घर इकडे आहे."

हात वरच राहिला. मग खाली आला. तो म्हणाला, "मंडळी, परत या. इथे एक थांबा आहे."

अठरा माणसं सोळा नंबरपुढे गोळा झाली. तो दाराकडे बघून बोलायला लागला, जसा बाकीच्या दारांपुढे बोलतो तसाच. "या घरात एक लेखिका राहतात. त्यांची सात पाकिटं मी आणून दिली. सहा गोष्टी परत आल्या होत्या. सातवी पसंत पडली होती. संपादकांनी उशिरा कळवलं असं त्यांना वाटतं, पण पाकीट टपालघरात मुदतीच्या आत आलं होतं. पोस्टमनने ते नऊ दिवस पिशवीत ठेवलं." आणि मग त्याने सगळं सांगितलं. खुर्चीतले दीर, लग्न, आतला कप्पा, ओला अंगठा. दोन मिनिटांत. त्याहून जास्त वेळ त्याला बोलताच येत नाही.

त्या अठराजणांना एवढंच कळत होतं की इथे काहीतरी आत्ताच घडतं आहे, आणि सगळे छत्रीकडे बघत होते.

ताईंनी छत्री मिटली आणि त्या जिना चढून गेल्या. दार उघडं. आम्ही खाली ताटकळत. मी मनात मोजत होते. सात मिनिटांनी त्या उतरल्या. हातात पिवळं पडलेलं पाकीट. त्यांनी ते उलटं करून उन्हात धरलं. मागे शिक्क्याच्या जागी निळसर डाग.

"हा अंगठा तुमचा?"

"माझा."

"मला वाटायचं, पाणी पडलं." त्या डागाकडे बघत राहिल्या. "नऊ दिवस."

"हो."

"दिरांच्या तोंडी पडू नये म्हणून."

"हो."

"मी त्या माणसाला काय काय लिहिलं, माहीत आहे तुम्हाला?"

"नाही. आतलं मी वाचत नाही."

"वाचायला हवं होतं," ताई म्हणाल्या. "चांगलं लिहिलं होतं." आणि मग एकदम, "त्यांची ती पाटी कुठे आहे? मी नीट बघितली नाही."

अख्खी मंडळी उलटी फिरली. चष्म्याच्या दुकानापुढे ताई पहिल्यांदा समोर उभ्या राहिल्या. पाटी वाचली, तारखा वाचल्या, पितळेतला चेहरा खालून वर बघितला.

"मिशा होत्या होय," त्या म्हणाल्या. मग, पाटीलाच सांगितल्यासारखं, "उशीर तुमचा नव्हता. पण दोन पानं जास्त नव्हती. ते मला अजून पटलेलं नाही."

टपालरावाशी त्या पुढे एक अक्षर बोलल्या नाहीत. दोन रविवार तो सोळा नंबरपुढे थांबून तेच सांगायचा, आणि माडीवरची खिडकी बंद. मला वाटलं, आता सामान हलेल आणि हा इथे दरवाज्याला गोष्ट सांगत बसेल. तिसऱ्या शनिवारी ताईंनी माझ्या सुनेजवळ एक चिठ्ठी ठेवली, त्याच्यासाठी. मी वाचली. मी काही पोस्टमन नाही. *उद्यापासून या थांब्यावर वीस मिनिटं राखून ठेवावीत.*

दुसऱ्या दिवशी मंडळी सोळा नंबरपुढे आली आणि खिडकी उघडली. ताईंनी चष्मा लावला आणि गोष्टीची शेवटची पाच पानं वाचून दाखवली. वाचून झाल्यावर खाली बघत म्हणाल्या, "आता संपादकांच्या खुणांप्रमाणे," आणि तीच, दोन पानं कमी करून. मग विचारलं, "कोणती बरी?" लोक भिडस्त. बहुतेकांनी पहिलीला हात वर केला. माना त्यांच्या अवघडलेल्या होत्या.

तेव्हापासून दर रविवारी हे चालू आहे. मुलाकडे जाणं पुढच्या महिन्यावर गेलं, मग त्याच्या पुढच्या. मुलगा मला फोन करून विचारतो, आईचं नक्की काय चाललंय. मी म्हणते, मतमोजणी.

टपालराव त्या वीस मिनिटांत पिशवी सांभाळत खाली उभा असतो. आयुष्यात त्याच्या कानावर पडलेलं हे पहिलं साहित्य, आणि तेही फक्त शेवट. पाचव्या की सहाव्या रविवारी तो मला बाजूला घेऊन म्हणाला, "वहिनी, सुरुवात काय आहे हो या गोष्टीची? ती बाई विहिरीपाशी का गेली, तेच कळत नाही."

"मला काय विचारता? जिना तो समोर."

तो जिन्याकडे बघत राहिला. मंडळी चहाला गेली, तरी बघत होता. मग चढला. मी अर्थातच पहिल्या पायरीवर कान टवकारून उभी. वर दार वाजलं. ताईंचा आवाज आला, "आत या. दारात का उभे?" चपला काढल्याचा आवाज. मग तो काहीतरी पुटपुटला, आणि कपाट उघडल्याची करकर.

"हे घ्या," ताई म्हणत होत्या. "नऊ दिवसांत वाचून परत आणा. दहावा दिवस उजाडला तर मी पत्र लिहीन, आणि ते तुम्हाला वाचावं लागेल."

तो खाली आला तेव्हा तेच पिवळं पाकीट त्याच्या हातात होतं, आणि ते त्याने पिशवीच्या आतल्या कप्प्यात ठेवलं. आठव्या दिवशी परत केलं. मी दुकानाच्या दारात त्याची वाट अडवली.

"वाचलीत?"

"दोनदा."

"आणि शेवट? ती दोन पानं?"

त्याने मागे वळून सोळा नंबरच्या खिडकीकडे बघितलं. उघडी होती. तो पिशवी खांद्यावर सरळ करत म्हणाला, "वहिनी, आतलं मी कधी सांगत नाही," आणि रस्ता ओलांडून पलीकडून निघून गेला.